माझी चेष्टा

बाबा, तुम्हाला जाऊन अठरा वर्षं झाली, तरी माझा तुमच्यावरचा राग गेलेला नाही. जाईल असं दिसतही नाही.

आपलं दिल्लीतलं, सरोजिनी नगरचं सरकारी क्वार्टर. मी सात-आठ वर्षांची, शाळेतून येऊन स्वयंपाकघरात विचारते, "आई, आज काय बनवलंस?" बाहेरच्या खोलीतून, वर्तमानपत्राआडून तुमचा आवाज येतो, "स्वयंपाक करतात. बनवतात माणसांना!" आईच्या हातात पोळी तशीच. मी वाक्य नीट म्हणेपर्यंत तुम्ही तिला ती वाढू दिली नाहीत. भूक लागली होती हो मला! शेजार हिंदी, शाळा हिंदी, ऑफिसात तुम्ही स्वतः दिवसभर हिंदीच बोलायचात. मराठी तेवढी माझ्याकडून शुद्ध हवी.

मोठेपणी मी डॉक्युमेंटरी करायला लागले, तुमच्या भाषेत 'कॅमेरा घेऊन भटकायला'. पहिलीच फिल्म गाझियाबादच्या मराठी घरांवर. तिथल्या एका काकूंनी मला चार महिने स्वयंपाकघरात येऊ दिलं. त्या फोडणीला 'तडका' म्हणायच्या, सासूच्या आठवणीने रडायच्या, कॅमेरा चालू आहे हे विसरून जायच्या. एवढा विश्वास माझ्यावर पुढे कोणी टाकला नाही. निवेदन मीच लिहिलं, मीच वाचलं. शेवटचं वाक्य होतं, "या माणसांना समजून घ्यायची ही माझी चेष्टा आहे." हिंदीतली चेष्टा, म्हणजे धडपड. मराठीत तिचा अर्थ टिंगल होतो, हे मला खरंच माहीत नव्हतं.

तिथल्या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये फिल्म दाखवली. शप्पथ सांगते, कोणाच्या लक्षातही आलं नव्हतं, सगळी इथेच वाढलेली माणसं. काकू डोळे पुसत होत्या. आणि तुम्ही उभे राहिलात. "चेष्टा म्हणजे टिंगल. तिला प्रयत्न म्हणायचंय. माफ करा, मराठी कच्ची आहे तिची." हॉल हसला, तुम्हीही हसलात. काकू तेवढ्या हसल्या नाहीत. त्यांनी तुमचं पहिलंच वाक्य धरून ठेवलं होतं. दारात मला म्हणाल्या, "अच्छा, म्हणजे तू आमची टिंगल करत होतीस?" मी समजावत राहिले, त्या चपला शोधत राहिल्या. पुढे दोनदा त्यांच्या घरी गेले, दार उघडलं नाही. तुम्हाला सांगितलं तर तुम्ही म्हणालात, "एक शब्द सुधारला, तर एवढं काय?" एवढं काय म्हणे!

त्यानंतर मी एकाही फिल्मला माझा आवाज दिला नाही. पंचवीस वर्षं इतरांनाच बोलतं केलं. जाणकार म्हणतात, हिच्या कामात निवेदन नसतं, केवढा संयम! कसला डोंबलाचा संयम. भीती आहे ती, तुमची.

आता ती जुनी फिल्म पुन्हा दाखवायचं ठरलंय. परवा साउंडवाला म्हणाला, "मॅडम, एक ही तो शब्द है, बदल देते हैं." मी माइकसमोर उभी राहून 'प्रयत्न' म्हटलं. परत ऐकलं, तर ते तुम्हीच! तोच ठासून म्हटलेला 'त्न'. लगेच पुसायला लावलं. चेष्टा राहील, बाबा. हसायचं त्यांनी खुशाल हसावं.

हे पत्र पाठवायला पत्ता नाही, आणि असता तरी पाठवलं नसतं. एक मात्र कबूल करते. कोणी वाचणार नाही हे माहीत असूनही शुद्धलेखन दोनदा तपासलंय. तुमच्याच शब्दकोशात.