सुनावणी झाली

सोमवार, संध्याकाळ

आमच्या मुलींच्या वसतिगृहाची सरकारी जागा कलेक्टर साहेबांनी आमचं म्हणणं न ऐकताच काढून घेतली होती. कोर्टाने तो आदेश रद्द करून आधी म्हणणं ऐका, असं सांगितलं. आज परभणीला साहेबांपुढे ती सुनावणी झाली; संस्थेच्या काकांसोबत मीही गेलो होतो.

काका रीतीप्रमाणे आधी विचारपूस करत बसले. "साहेब, गाव कोणतं तुमचं? आई-वडील हायत का?" साहेबही हसून बोलले. मुलींचा विषय निघणार, तेवढ्यात साहेब कागद पुढे सरकवत म्हणाले, "झालं ना? सुनावणी झाली म्हणून करा सही." काकांनी केली. मी का नाही अडवलं?

बाहेर काका खूश. "लय चांगला माणूस हाय रे."

आता कोर्टही म्हणेल, ऐकून घेतलं होतं. मुलींबद्दल एक शब्दही झाला नाही.

जेवताना एकीने विचारलं, "काका, आता इथंच राहायचं ना आमी?"

"हो गं," काका म्हणाले.

मी ताटातून मान वर केली नाही.