सामन्याचा अडॅप्टर

११ सप्टेंबर

ताई,

नमस्कार. कंबर धरली आहे, त्यामुळे वाकून केला असं समज. फोनच करणार होते, पण फोनवर तू मला बोलू कुठे देतेस!

आई बरी आहे. बाबांनी नवा चष्मा केला आणि पहिल्याच दिवशी त्यावर स्वतःच बसले. घरात कुणी हसायचं नाही असा हुकूम सुटला होता, तो आईनेच मोडला.

तुझा निरोप मिळाला. तुमच्या व्हिडिओ गेमच्या संघात जागा झालीय, मी यावं, हात चालतील तेवढे चालवावेत, बाकी तू सांभाळून घेशील. आई तर माझी बॅग काढून बसली.

मीही निघालेच होते गं. त्या सामन्यानंतर तीन वर्षं कंट्रोलरला हात लावला नव्हता, म्हणून सगळं सामान आमच्या दुरुस्तीच्या दुकानात तपासायला नेलं. त्यात तो अडॅप्टरही होता, कन्सोलला लावला की कंट्रोलर वायरीशिवाय चालतो तो. मालकांनी कन्सोलला लावून पाहिला आणि म्हणाले, "अगं, हा अजून आहे? तुझ्या ताईला टाकून दे म्हटलं होतं मी."

"कधी?"

"सामन्याच्या आदल्या दिवशी. दोघींचे घेऊन आली होती. तुझा चोख होता. तिचा हा, बटण दाबलं की जरा थांबून पोचवायचा. दुसरा देतो म्हटलं, तर म्हणाली, राहू दे, चालेल."

चालेल! कुणाला चालेल, ताई?

दोन्ही दिसायला अगदी सारखे. सामन्याच्या सकाळी तूच हा माझ्या हातात ठेवलास, "हा तुझा" म्हणालीस. संघात जागा एकच, आणि शेवटच्या फेरीत आपण दोघी समोरासमोर. मी वेळेवर उडी मारत होते आणि पडद्यावरची बाई दर वेळी खड्ड्यात जात होती. लोक पोट धरून हसले.

मला जिंकायचं होतं, खोटं कशाला सांगू. पण तू तेवढ्यावर थांबली असतीस, तर चार शिव्या घालून मी मोकळी झाले असते. माझे हात गेले म्हणून मी रडत होते, तेव्हा डॉक्टरांकडे तूच घेऊन गेलीस. हाताला काहीही झालेलं नाही, असं ते म्हणाले. बाहेर आल्यावर तू म्हणालीस, "त्यांना काय कळतंय? नसांचं दुखणं असं सापडत नाही." तू घर सोडेपर्यंत रोज माझी बोटं मांडीवर घेऊन तेल चोळायचीस. तेव्हा तुला काहीच वाटलं नाही? मी मेली तुझं कौतुक सांगत गावभर फिरले!

तीन वर्षं मी दुकानात बारीक काम मागितलं नाही. भरलेला कप कुणाच्या हातात दिला नाही.

काल चांगल्या अडॅप्टरवर खेळून बघितलं. मालक हरले, दुकानातले सगळे हरले. माझे हात ठणठणीत आहेत, ताई. मग मला जे रडू फुटलं, ते काही केल्या थांबेना. मालकांनी बिचाऱ्यांनी गिऱ्हाईकांना बाहेर थांबवलं.

तुमच्या संघात मी येणार नाही. खेळणार मात्र आहे, तुमच्या समोरच्या संघाकडून. त्यांना कळवून झालं.

आईला मी काही बोललेले नाही. बॅग अजून पलंगावरच आहे, आणि ती रोज विचारते, कधी निघतेस? ते तिला तू सांगायचंस, तुझ्या तोंडाने. रविवारी ती फोनजवळ बसेल.

आजवर पत्राखाली 'तुझीच' असं लिहीत आले. आज लिहवत नाही.

आईची धाकटी मुलगी