मिक्सर चालू असताना

४ मार्च, मंगळवार. संध्याकाळ.

आज सकाळी देवापुढे दिवा लावला, चष्मा पुसला आणि आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या हाताने मिक्सर चालवला. भांड्यात टांगून घट्ट केलेलं दही, ऑलिव्ह तेल, लिंबाचा रस, मोहरीची पेस्ट, लसणाची एक पाकळी. सॅलडवर घालायचं ड्रेसिंग. अंड्याचं जड मेयोनीज नको म्हणून दह्याचं. हलकं आणि तरी मलईदार.

कारण लिहून ठेवतो. ऑफिसातल्या नव्या मॅडम दुपारी काकडी, कोबी आणि कसलीशी पानं खातात. कोरडी. काल सही घ्यायला गेलो तेव्हा त्यांचा चेहरा पाहिला. गाय गवत याहून आनंदाने खाते. साहेब महिनाअखेर निवृत्त होणार आणि तपासणी विभागाचा प्रमुख कोण, हे मॅडम ठरवणार. बरण्यांची झाकणं तपासण्यात माझी निम्मी हयात गेली. दुसरा उमेदवार म्हणजे होयबा. पाऊस पडतोय का असं विचारलं तरी तो आधी वरिष्ठांच्या तोंडाकडे बघतो, मग खिडकीबाहेर. म्हणजे निवड माझी झाल्यातच जमा. तरी माणसाने आपल्याकडून कसूर करू नये.

मिक्सर चालू असताना ही दारात येऊन काहीतरी बोलत होती. हात वर करून थांब म्हटलं. तेल एका बारीक धारेत सोडायचं असतं, मध्येच थांबलं की फाटतं. मिक्सर बंद केला तर दारात कोणी नाही. तिच्या गळ्याच्या गाठीबद्दलच असणार. डॉक्टरांनी काल गाठीत सुई घालून नमुना तपासायला पाठवलाय. रिपोर्ट कधी येणार ते विचारायला हवं. जेवताना विचारतो.

ड्रेसिंग कडू झालं. लिंबाची बी वाटली गेली असणार.

५ मार्च, बुधवार.

काल जेवताना विचारायचं राहिलं. दह्याचा विचार डोक्यात होता.

आज बिया मोजून काढल्या. मिक्सर जास्त वेळ चालवला, म्हणजे हवा भरून आणखी हलकं होईल. झालं. रंग सुरेख, धार सुरेख, चमच्याला मखमलीसारखं चिकटतं. कडू कालच्यापेक्षा जास्त. आता लसणावर संशय. हिला चाखायला दिलं. म्हणाली, कडू आहे. पण आजारपणात तोंडाची चव जाते असं म्हणतात, तेव्हा तिचं मत धरून चालणार नाही. तेल महागाचं आहे, ते कडू असूच शकत नाही.

ती पुढे काहीतरी बोलणार होती. मी म्हटलं, काळजी करू नकोस, मी सगळं देवावर सोडलंय. ती भांडी आवरायला गेली. श्रद्धेच्या दोन शब्दांनी माणसाला केवढा धीर येतो, हे मी गावच्या शाळेत गुरुजींकडून शिकलो.

रिपोर्टचं उद्या नक्की.

७ मार्च, शुक्रवार. रात्री जेवणाआधी.

मोठा दिवस. ऑफिसातल्या नमुन्याच्या बरणीत ड्रेसिंग भरलं, झाकण लावलं, मॅडमच्या टेबलावर ठेवलं. झाकण कसं अर्ध्या वळशात उघडतं, आतल्या रबराच्या कडीचा काय उपयोग, हे थोडक्यात सांगितलं. पंधरा मिनिटं लागली. मॅडमही मध्ये काहीतरी म्हणाल्या. बहुधा आभार. मग म्हणाल्या, ठेवा तिथे.

संध्याकाळी बरणी रिकामी परत आली. एक थेंब नाही. चहाच्या खोलीतल्या बेसिनला लसणाचा वास येत होता, म्हणजे बरणी त्यांनी स्वतः धुतली. एवढ्या मोठ्या पदावर असून केवढा साधेपणा. होयबाला मुद्दाम रिकामी बरणी दाखवली. तो हो हो म्हणाला.

घरी आलो तर कुलूप. हे प्रथमच. ही अंधार पडल्यावर आली, बरोबर तिची बहीण. दोघींचे डोळे लाल. मेहुणीने मला आपादमस्तक पाहिलं आणि विचारलं, भावोजी, तुमची तब्येत बरी आहे ना. मी म्हटलं, उत्तम. त्यावर दोघी एकमेकींकडे बघून हसत सुटल्या. हसता हसता ही रडायलाच लागली. बायकांचं हसणं मला कधी कळलं नाही. पण खूप दिवसांनी घरात हसण्याचा आवाज झाला, बरं वाटलं. चांगल्या कामाला लागलं की घरातली हवा आपोआप बदलते.

मेहुणीसमोर रिपोर्टचा विषय काढणं प्रशस्त वाटेना. ती गेल्यावर विचारीन.

(ती मुक्कामाला राहिली.)

१० मार्च, सोमवार.

झाकणांचा नवा लॉट आला. आमची पद्धत अशी : प्रत्येक खोक्यातून थोडी झाकणं उचलायची, बरण्यांत पाणी भरायचं, झाकणं लावायची, बरण्या उलट्या करून रात्रभर टिपकागदावर ठेवायच्या. सकाळी कागद कोरडा तर लॉट पास. डाग दिसला तर परत. ही पद्धत मीच बसवली. पूर्वी नुसतं बघून पास करायचे.

आज बरण्या मोकळ्या नव्हत्या. चारही बरण्यांमध्ये ड्रेसिंग होतं. एकीत लसूण नाही, एकीत मोहरी नाही, एकीत मिरपूड जास्त, एकीत सगळं. हिशेब विभागातल्या पोरांना चाखायला बोलावलं होतं. अनुभवी हाताला झाकण फिरवून कळतं. फिरवून पाहिलं, पास लिहिलं. होयबाने विचारलं, टिपकागद ठेवला का. मी म्हटलं, टिपकागद नवशिक्यांसाठी असतो. हो हो म्हणाला.

पोरांनी चारही प्रकार कडू आहेत असं सांगितलं. आजकालच्या पिढीला गोड सोडून काही आवडत नाही.

१२ मार्च, बुधवार.

माझ्याबरोबर जेवणारे दोघेजण आता दुसऱ्या टेबलावर बसतात. पोट बिघडलंय म्हणतात. दोघांचं एकदम, तेही मी बरणी उघडली की. हेवा हा रोग संसर्गजन्य आहे.

कारण मात्र अजून सापडलेलं नाही. दही बदललं. मोहरी बदलली. मीठ बदललं. मिक्सरचा वेग वाढवला. बदलायचं राहिलं असं आता काही उरलं नाही.

हिला रिपोर्टचं विचारायला स्वयंपाकघरात गेलो होतो. ती भाजी निवडत गुणगुणत होती. इतक्या समाधानात असलेल्या माणसाला दुखण्याची आठवण कशाला करून द्यायची. योग्य वेळ पाहून विचारीन.

१४ मार्च, शुक्रवार. सकाळ.

देवापुढे जरा जास्त वेळ बसलो. दोन गोष्टी मागितल्या. पहिली प्रमुखपद, दुसरी हिचा रिपोर्ट चांगला येऊ दे. उठल्यावर वाटलं, क्रम चुकला. पुन्हा बसून उलटा करणार होतो, पण बस निघून गेली असती. देवाला क्रम लागत नाही.

१७ मार्च, सोमवार.

मॅडमना मोठी बरणी दिली. नव्या लॉटचं झाकण, कोरं करकरीत. नको म्हणत होत्या. मी म्हटलं, घरच्यांनाही चाखवा. पुन्हा नको म्हणाल्या. संकोची स्वभाव आहे. त्या फोनवर बोलत होत्या तेवढ्यात मीच त्यांच्या बॅगेत ठेवली, लॅपटॉपशेजारी, व्यवस्थित.

प्रमुखाच्या खोलीतली खुर्ची पाहून आलो. तिचा उजवा हात जरा डगमगतो, पण दुरुस्त होईल. एकदा पदाचं जाहीर झालं की हिला घेऊन डॉक्टरांकडे जाणार, समोर बसून सगळं विचारणार. तोवर रिपोर्टही आलेला असेल.

१८ मार्च, मंगळवार.

बरणी गळली.

मॅडमच्या बॅगेत, लॅपटॉपवर, वरिष्ठ कार्यालयाला जाणाऱ्या कागदांवर. त्या ओरडल्या नाहीत. नुसतं विचारलं, झाकण कुठल्या लॉटचं. मी सांगायला लागलो की बॅग त्यांनी आडवी ठेवली असणार, आणि बरणी आडवी झाली की आतला पदार्थ साहजिकच... इथपर्यंत बोललो आणि थांबलो. पदार्थ साहजिकच बाहेर येऊ नये म्हणून तर झाकण असतं. आमच्या विभागाच्या दारावरच तसं लिहिलंय. मीच लिहवून घेतलंय.

होयबा टिपकागद घेऊन आला. दहा तारखेच्या लॉटची झाकणं लावून बरण्या उलट्या ठेवल्या. रात्रभर थांबावं लागलं नाही. सगळी झाकणं टिपं गाळायला लागली. मॅडमनी विचारलं, हा लॉट पास कोणी केला. होयबाने प्रथमच हो म्हटलं नाही. माझ्याकडे पाहिलं फक्त. तेही अदबीने. त्याची अदब मला आयुष्यात एवढी कधी लागली नव्हती.

घरी आल्यावर देवापुढे बसलो, पण काय मागायचं ते आठवेना.

२१ मार्च, शुक्रवार.

फलकावर कागद लागला. होयबा प्रमुख.

साहेबांच्या निरोपाचा केक वाटला. मला कोपऱ्याचा तुकडा मिळाला, क्रीम नसलेला. मॅडमनी आत बोलावून घेतलं. म्हणाल्या, तुमचं काम चांगलं होतं म्हणून इतकी वर्षं कोणी काही बोललं नाही. मग म्हणाल्या, दही मला चालत नाही, पोटात दुखतं, पहिल्याच दिवशी तुम्हाला सांगितलं होतं. तुम्ही झाकणाचं सांगत होतात.

मला आठवत नाही. मग पहिली बरणी रिकामी कशी झाली, हा प्रश्न जिभेवर आला होता. बेसिनचा वास आठवला आणि विचारला नाही.

माणसं किती हळू बोलतात आजकाल.

बसमध्ये होयबा भेटला. पेढे नाहीत, पार्टी नाही, जरा उतरलेल्या चेहऱ्याने म्हणाला की टिपकागदाची पद्धत तशीच चालू ठेवीन, ती तुमची आहे. मी हो हो म्हटलं.

२३ मार्च, रविवार.

रागाने मिक्सर लावला. आज कडूपणाचा सोक्षमोक्ष लावायचाच. झाकण दाबून धरलं, बटण शेवटपर्यंत फिरवलं. जळका वास आला, धूर निघाला आणि मिक्सर कायमचा गप्प झाला. भांड्यात सगळं कच्चंच होतं. टाकवेना. वाडग्यात काढलं आणि काट्याने फेटत बसलो. तेल थेंब थेंब. हात भरून आला.

घर इतकं शांत होतं की शेजारच्या खोलीत ही कपड्यांच्या घड्या घालत होती त्याचा आवाज ऐकू येत होता. तिच्या बांगड्या वाजतात हे मी विसरलो होतो.

चाखलं. कडू नाही. तेलाची बाटली तीच, दही तेच, लसूणही घातलेला. म्हणजे तेल मिक्सरच्या वेगानेच कडू होत होतं.

काकडी चिरली, वरून ड्रेसिंग घातलं, बशी तिच्यापुढे ठेवली. तिने एक फोड खाल्ली. बरं झालंय म्हणाली. आणखी एक खाल्ली. मग मी समोर बसलो आणि रिपोर्टचं काय झालं ते विचारलं.

तिने घडी पूर्ण केली.

“गाठ साधी निघाली. दोन आठवडे होऊन गेले.”

मी म्हटलं, मला सांगायचं नाही का.

“सांगायला आले होते की. तुम्ही पहिल्यांदा मिक्सर लावलात त्या दिवशी. दारात उभी राहून म्हणत होते, शुक्रवारी रिपोर्ट मिळणारे, रजा काढा, बरोबर या, मला एकटीला भीती वाटतेय. तुम्ही हात वर केलात.”

मी म्हटलं, मी रोज देवाला सांगत होतो गं.

“माहितीये. मीही शेवटी त्यालाच सांगितलं. त्याला तुमच्या मिक्सरमधूनही ऐकू येतं.”

रागावलेली नव्हती. तेच वाईट. मी म्हटलं, निदान त्या दिवशी संध्याकाळी तरी सांगायचंस.

“तेव्हा घाबरून झालं होतं, अहो. सोबत घाबरायला हवी होती.”

घड्या घातलेले कपडे घेऊन ती कपाटाकडे गेली. बशीतली काकडी अर्धी राहिली.

उरलेलं ड्रेसिंग बरणीत भरलं. झाकण लावलं, टिपकागदावर उलटी ठेवली. कागद अजून कोरडा आहे.

तिला विचारायचं चार तारखेला ठरवलं होतं. आज विचारलं.