फाटकातून शेवटी येणारी

७ मार्च २०११, लिमरिक, आयर्लंड
दोन वर्षं घरात बसून काढल्यावर इथे काम करायचं परमिट मिळालं आणि लगेच नोकरीही! जुन्या मूक फिल्म दुरुस्त करायच्या. पहिलीच १९१२ची: लेसच्या कारखान्यातून सुटलेल्या एकोणीस बायका फाटकातून बाहेर येतात, बस्स. माझे साहेब मिस्टर क्विन प्रत्येक गोष्टीला ‘ग्रँड’ म्हणतात. बुरशी पुसायची, पण फिल्मची एकही चौकट, म्हणजे फ्रेम, कापायची नाही, असं त्यांनी दोनदा बजावलं. घरी ज्ञानदा, माझी सहा वर्षांची लेक, आनंदानं नाचली. सासूबाईंनी मात्र विचारलंच, की मग पोरीला कोण सांभाळणार? पुण्याहून आल्यापासून टोमणे चालूच आहेत.

९ मार्च
शेवटची बाई मागून एकटीच येते. तिच्या तोंडावरची बुरशी निघेना. बटाट्याचा सडका भाग काढतो तशा तिच्या चौकटी कापल्या आणि टोकं चिकटवली. राहिल्या अठरा. मोजतंय कोण!

१० मार्च
फिल्ममध्ये पुन्हा एकोणीस बायका. शेवटी सासूबाई. त्यांचीच मोरपंखी साडी.
घरी त्यांची खोली रिकामी. नवरा, शिरीष, म्हणाला, आई तर मी शाळेत असतानाच गेली. तो थट्टा करत नव्हता. मला त्या आठवतात, ते या वहीत लिहून ठेवलंय म्हणून.
घाबरले. पण चहा करताना मागून कुणी बोललं नाही. बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

१४ मार्च
सासूबाईंच्या गालावर बुरशी आली. फाटकात थांबून माझ्याकडेच बघतात, हात जोडतात. पुसली असती तर निघाली असती.
नाही पुसली. कापल्या.

१५ मार्च
ज्ञानदा. शेवटी, एकटी, शाळेच्या गणवेशात.
शाळेत फोन केला. या नावाची मुलगीच नाही म्हणे. शिरीषनं विचारलं, आपल्याला मूल कुठे आहे? कापलेले तुकडे परत जोडायला गेले – कचरा सकाळीच नेला होता –

१६ मार्च
तिच्या हनुवटीवर ठिपका. पुसते तर पसरतो. विसरायचं नाही. ज्ञानदा माझी मुलगी. ज्ञानदा माझी मुलगी. ज्ञानदा माझी –

१८ मार्च
आज छान ऊन पडलंय. मागच्या पानावर कुणाचं तरी नाव गिरवलंय, अक्षर माझंच. असेल काहीतरी. फिल्मच्या शेवटी कुणाची तरी पोरगी आहे, तोंड बुरशीनं भरलेलं. तेवढ्या चौकटी काढल्या की काम संपलं. क्विन जेवायला गेलेत. कात्री लावली. पोरगी काहीतरी ओरडते आहे, आवाज कुठला यायला. ओठांवरून वाटतं – आ –