बुधवारची पिशवी

कुरायोशी,
१२ नोव्हेंबर

चि. मित्सुए,

अनेक आशीर्वाद. यंदा झाडाला पर्सिमन अमाप लागलेत. सोलून पडवीत दोरीवर टांगलेत. ह्यांची तब्येत उत्तम.

या वर्षी गल्लीच्या कचऱ्याची देखरेख माझ्याकडे आहे. सोमवारी जाळायचा कचरा, बुधवारी प्लास्टिक. एवढंही ज्याला जमत नाही त्याची मी गय करत नाही, हे तुला सांगायला नको.

गेल्या आठवड्यात बुधवारी प्लास्टिकच्या ढिगात भलतीच पिशवी निघाली. माशाचे काटे, भिजके कागद, साके दारूचा रिकामा खोका. शेजारचे कुवाबारासान विधुर आहेत. "एकट्या पुरुषाचाच कचरा हा," मी सगळ्या बायकांसमोर म्हटलं. पिशवीवर लाल चिठ्ठी डकवली आणि त्यांचं दार वाजवलं.

"कुवाबारासान, कॅलेंडर वाचता येतं ना? की तेही वहिनीच वाचायच्या?"

बायका फिदीफिदी हसल्या. ते कमरेत वाकले. "चुकलं माझं. पुन्हा होणार नाही." पिशवी घेऊन आत गेले.

या सोमवारी तीच पिशवी त्यांनी जाळायच्या कचऱ्यात आणून ठेवली. पारदर्शक पिशवीतून मला एक अक्षर दिसलं. तुझं. तुझं ऑक्टोबरचं पत्र, न फोडलेलं. ते आलंच नाही म्हणून फोनवर मी तुला खोटारडी म्हटलं होतं. आमचं टपाल हेच आत आणतात.

मी तशीच कुवाबारासानांकडे गेले. "तुम्हाला ठाऊक होतं?"

"तुमचे एइजीसान पिशवी ठेवून तिथंच उभे होते. घर कुठलं ते आठवेना. मीच पोचवलं."

"मग तोंड का नाही उघडलंत?"

"तुम्ही उघडू दिलंत कुठं? आणि बाई, मला हसल्या तर हसल्या. त्यांना हसल्या असत्या, ते वाईट."

ह्यांची तब्येत उत्तम, असं वर लिहिलंय. खोडत नाही. वर्षभर तुला हेच खोटं लिहीत आले, तेही तुला दिसू दे.

उद्या रविवारी गल्लीची साफसफाई आहे. सगळ्या बायका येतील. त्यांच्यासमोर पिशवी कोणाची ते सांगून मी कुवाबारासानांपुढे वाकणार आहे.

तुझं पत्र पर्सिमनच्या दोरीवर वाळलं. अजून फोडलेलं नाही. आधी हे पत्र टपालपेटीत टाकते, मग ते फोडते.

चुकलं माझं. पुन्हा होणार नाही, असं मात्र लिहवत नाही.

तुझी,
तोकिकोताई