येते हं

सोमवार, ४ मार्च

पस्तिसाव्या वर्षी मला चक्क खेळायची नोकरी लागली! चौदा वर्षं वर्तमानपत्रात मुद्रितं तपासली, लोकांच्या वेलांट्या आणि उकार सरळ केले, आणि आज एका बाईंनी माझ्या हातात गेमचा कन्सोल ठेवून सांगितलं की बसा खेळत. गेम बारा भाषांत निघणार आहे. आपल्या भाषेतलं प्रत्येक वाक्य खेळता खेळता वाचायचं, खटकेल ते दुरुस्त करायचं. खटकून घेण्यात माझा हात कोण धरणार!

ऑफिस म्हणजे कापडाच्या गोदामावरच्या दोन खोल्या. बारा टेबलं, बारा भाषा. खिडकीजवळचं टेबल माझं. पलीकडे प्रोग्रामर बसतो, त्याला सगळे चष्मेवाला म्हणतात. कन्सोल पाठ्यपुस्तकाएवढा आहे, दोन्ही बाजूंना बटणं, अंगठ्यांसाठी दोन छोट्या दांड्या. पहिल्या दहा मिनिटांत मी चार वेळा दरीत पडले.

घरही नवं आहे. मागच्या आठवड्यात बाबांना घेऊन सहाव्या मजल्यावरच्या या दोन खोल्यांत आले. बाबांनी चाळीस वर्षं लिफ्ट दुरुस्त केल्या आणि त्यांचा पलंग नेमका लिफ्टच्या भिंतीला लागून आला आहे. दुसरं कुणी असतं तर कटकट केली असती, बाबा मात्र खूश. मोटर ऐकून ते सांगतात की लिफ्ट तिसऱ्यावर थांबली, आत दोघं आहेत. माणूस असला की आवाज जड येतो म्हणे, रिकामी वर आली की हलका. सकाळी काय खाल्लं ते त्यांना आठवत नाही, पण यात एकदाही चुकले नाहीत. दुपारपर्यंत समोरच्या काकू त्यांच्याजवळ बसतात, नंतर मी घरूनच काम करते. सगळं कसं जमून आलं आहे.

बुधवार, ६ मार्च

गेम झकास आहे. एक कंदीलवाला बुडालेल्या किल्ल्यातून वर चढत जातो. कुऱ्हाडीने चिखलाचे राक्षस फोडायचे, तुटलेले पूल सांधायचे, कंदील विझू द्यायचा नाही. भाषांतर मात्र कुणीतरी शब्दाला शब्द लावून केलेलं. राक्षस मरताना 'मी समाप्त आहे' म्हणतो. हसून हसून माझं पोट दुखलं.

वाटेत सहा ठिकाणी एक तेलवाली भेटते. कंदिलात तेल ओतते, 'मी जाते' म्हणते आणि मागच्या दारातून आत जाते. आता कुठली शहाणी बाई निघताना जाते म्हणेल? लहानपणी मी चुकून जाते म्हटलं की आई मला उंबऱ्यातून परत बोलवायची आणि येते म्हणायला लावायची. मी सहाही ठिकाणी 'येते हं' करून टाकलं. त्या ओळीपुढे मूळ लेखकाची सूचना होती की हे वाक्य शब्दशः ठेवावे, बदलू नये. मुख्य बाईंना मी म्हटलं की शब्दशःच ठेवायचं तर मला कशाला ठेवलंत? त्या हसल्या, म्हणाल्या की तुमची भाषा तुम्हीच जाणा.

शुक्रवार, ८ मार्च

दुरुस्त्या घातलेला गेम आज कन्सोलवर आला. दुपारी घरी सुरुवातीपासून खेळायला बसले. बाबा खुर्ची ओढून माझ्या खांद्यामागे बसले आणि राक्षस आला की मला सूचना द्यायला लागले, जणू रोज कुऱ्हाडच चालवतात. पहिल्या पुलावर तेलवाली आली. तेल ओतलं, 'येते हं' ही अक्षरं उमटली. कसं गोड वाटलं!

पण ती गेली नाही. दाराकडे वळायच्या ऐवजी आमच्याकडे तोंड करून उभी राहिली. कंदीलवाल्याला मी पुढे नेलं तरी ती तिथेच. चूक म्हणून वहीत नोंदवली. तेवढ्यात बाबा म्हणाले की लिफ्ट पहिल्यावर आली, रिकामी. आणि बटण बाहेरून नाही, आतून दाबलं आहे. मी म्हटलं, रिकाम्या लिफ्टमध्ये बटण कोण दाबेल? बाबा म्हणाले की तेच म्हणतोय मी.

सोमवार, ११ मार्च

चष्मेवाल्याने त्याच्या कन्सोलवर तपासलं. बाकीच्या अकरा भाषांत ती बोलते आणि निमूट आत जाते. फक्त आपल्या भाषेत थांबते. मी थट्टा केली की बाकीच्यांत जाते म्हणते म्हणून जाते, आपल्यात येते म्हणते म्हणून येते. तो हसला नाही. त्याने दाखवलं की तेलवालीला चेहरा काढलेलाच नाही, किरकोळ पात्रांना नुसता मातकट गोळा असतो. माझ्या कन्सोलवर मी शुक्रवारीच तिच्या भुवया पाहिल्या होत्या.

दुपारी ती दुसऱ्यांदा आणि तिसऱ्यांदा भेटली. आता तिला ओठ आहेत. लिफ्ट दोनदा वर आली. आधी दुसऱ्यावर, मग तिसऱ्यावर. दोन्ही वेळा बाबा म्हणाले, रिकामी.

मग त्यांनी नेहमीचा प्रश्न विचारला की आई कधी येणार. दोन वर्षांपूर्वी आई सकाळी रक्त तपासायला म्हणून निघाली, दारात येते म्हणाली, आणि त्या दवाखान्यातून परत आली नाही. सुरुवातीला मी बाबांना खरं सांगायची. दर वेळी ते पहिल्यांदा ऐकल्यासारखे रडायचे. मला ते बघवेना. आता मी सांगते की येईल. आजही तेच सांगितलं, आणि सांगताना मला माझीच लाज वाटली.

बुधवार, १३ मार्च

चौथी भेट. तिला नाक आलं आहे, गाल आले आहेत. डोळ्यांच्या जागी अजून सपाट. पण तोंड कंदीलवाल्याकडे नाही, माझ्याकडेही नाही. माझ्या खांद्यावरून मागे, बाबांकडे आहे.

'येते हं' उमटलं आणि बाबा मोठ्याने म्हणाले, ये. मी कन्सोल बंद केला. भिंतीपलीकडे मोटर सुरू झाली. बाबांनी चार बोटं दाखवली.

जिना उतरून पाहून आले. चौथ्या मजल्यावर लिफ्ट दार उघडून उभी होती. आत कुणी नाही. जळक्या तेलाचा वास. हे मी कुणाला सांगू तेच कळत नाही. गोष्टीतल्या एका बाईला मी यायला सांगितलं, असं सांगू?

गुरुवार, १४ मार्च

सकाळी चष्मेवाल्याकडून सहाही ओळी परत 'मी जाते' करून घेतल्या. त्याच्या स्क्रीनवर जाते. माझ्या कन्सोलवर तोच गेम, तीच ओळ – येते हं. पुसून पुन्हा घातला. येते हं.

आणि ती पाचवी भेट होती. तपासायच्या नादात माझ्याच हातून झाली, भर ऑफिसात. धावत घरी आले. काकू म्हणाल्या की लिफ्ट मघाशी पाचव्यावर अडकली होती, आपणहून सुटली.

कन्सोल कपाटात टाकला. कुलूप लावलं. किल्ली माझ्या गळ्यात आहे. एकच भेट उरली आहे आणि ती मी होऊ देणार नाही. बाबा जपायचे आहेत, बाकी नोकरी गेली खड्ड्यात.

शुक्रवार, १५ मार्च

नीट लिहायचं आहे, म्हणजे उद्या मलाच पटेल.

दुपारी अंघोळीला गेले. दहा मिनिटं. बाहेर आले तर कपाट उघडं, कुलूप काढून नीट बाजूला ठेवलेलं, शेजारी स्क्रू-ड्रायव्हर. ज्यांना शर्टाची बटणं लावता येत नाहीत त्या हातांना कुलूप आठवलं. बाबा कन्सोल घेऊन बसले होते. सहावी भेट झाली होती. तिला डोळे आले होते.

लिफ्ट आमच्या मजल्यावर थांबली.

बाबा उठले. ताठ उभे राहिले, कित्येक महिन्यांत नव्हते राहिले तसे. म्हणाले की आई गेली ते मला माहीत आहे. रोज नाही, पण पुष्कळदा माहीत असतं. तू येईल म्हणतेस ते ऐकायला बरं वाटायचं म्हणून विचारायचो. ही कोण आहे ते ठाऊक नाही, पण येते म्हणाली आणि आली. एवढं तरी कुणी केलं?

मी बाही धरली. त्यांनी माझं एकेक बोट हळूच सोडवलं, लहानपणी झोपेत सोडवायचे तसं. बूट घातले. लिफ्टचं दार उघडं, आत पिवळा उजेड, दुसरं कुणी दिसलं नाही. आत जाऊन वळले आणि म्हणाले, येतो गं.

मोटर सुरू झाली. मी जिन्याने धावले. खाली रखवालदार म्हणाला की लिफ्ट आली, कुणी उतरलं नाही.

रविवार, १७ मार्च

पोलीस येऊन गेले. विहीर, टाकी, गच्ची, लिफ्टचा खड्डा. कुठेच नाहीत. काकू रडतात. मला रडू येत नाही.

गेम पहिल्यापासून लावला. पहिल्या पुलावर तेलवाली नाही. तिथे एक पुरुष. शर्टाची बटणं वरखाली लागलेली, पायात बूट. चेहऱ्याच्या जागी मातकट गोळा. तेल ओततो. ओळ मी लिहिलेली नाही, कुणीच नाही लिहिलेली –

येतो गं.

लिफ्ट पहिल्यावर आली.

सोमवार, १८ मार्च

चष्मेवाल्याचे फोन. उचलले नाहीत. त्याला कळलं तर कन्सोल काढून घेईल.

मी खेळले नाही तर बाबा येणार नाहीत. खेळले तर काय येईल – माहीत नाही. एवढंच खरं आहे, बाकी काही नाही.

खेळले. दुसरा. तिसरा. भुवया बाबांच्याच आहेत.

मंगळवार, १९ मार्च

चौथा. ओठ. डाव्या कोपऱ्यात थोडे वाकडे, तसेच. पाचवा. काकूंनी दार वाजवलं, जिन्यात तेलाचा वास येतो का विचारलं. नाही म्हटलं. त्यांना चार दिवस मुलीकडे जा म्हणून सांगितलं. त्या म्हणाल्या, बरं, येते.

मी त्यांच्यावर ओरडले. का ओरडले ते त्यांना कसं –

बुधवार, २० मार्च

दुपारचे अडीच. सहावी भेट झाली. डोळे आले. बाबांचे आहेत. मी पाहिले, शपथेवर सांगते बाबांचेच आहेत.

मोटर सुरू झाली. दार मी उघडंच ठेवलंय. कसं लावू? ते बाबा आहेत.

तिसरा. आवाज हलका आहे. बाबा असते तर म्हणाले असते, रिकामी – नको.

पाचवा.

थांबली. दार सरकलं. मी इथूनच विचारलं, बाबा, आलात का. आवाज त्यांचाच. पण आलो गं म्हणत नाहीत. आम्ही आलो म्हणतायत. बाबा कधी स्वतःला आम्ही म्हणत नाहीत. आम्ही म्हणजे किती? बूट एकाचेच वाजत नाहीयेत, आम्ही म्हणजे बाबा, किती ज–