आईची ‘नुसती सवय’

हामार, सोमवार

एविन्द,

आशीर्वाद नेहमीसारखे आहेतच, पण आज आधी राग वाच.

आईच्या अंत्यविधीला तू पाद्रीबाईंना बोलावलं नाहीस, सभागृहात नुसती भाषणं ठेवलीस. तेही मी गिळलं असतं. पण तिनं स्वतःच्या हातानं लिहून ठेवलेलं स्तोत्र तू गाळलंस, आणि वर शंभर माणसांसमोर म्हणालास, “हल्ली नॉर्वेत देव मानतं कोण? आईचीही नुसती सवय होती.”

अरे शहाण्या, तुझा बाप तुझ्याहून जुना नास्तिक! त्रेचाळीस वर्षं दर रविवारी तुझ्या आईला, माझ्या राग्नहिल्डला, चर्चपाशी सोडून मी बाहेर गाडीत कॉफी पीत बसलो. “देव विचारत होता, म्हातारा बाहेर गारठून मरणार का?” ती टोमणा मारायची. “त्याला सांग, अजून माझा पेपर वाचून व्हायचाय,” मी म्हणायचो. पण बाहेर येताना तिचा चेहरा असा निवलेला असायचा, की माझ्यासारख्या दगडालाही कळावं. आपल्याला भूक नाही म्हणून दुसऱ्याचं ताट ओढू नये रे!

आणि मग तू सगळ्यांदेखत मला विचारलंस, “हो ना, बाबा?”

चारचौघांत पोरगा खोटा पडू नये म्हणून मी मान डोलावली. तिच्या शवपेटीशेजारी बसून डोलावली.

तुला झाडायला बसलो होतो. आता हे टपालात टाकायचं तोंड मला उरलेलं नाही.

तुझा भित्रा बाप,
आर्वे